३४ कोटी २० लाखांत एक

परिचारिका निर्दोष असेल, तर रुग्णालयातल्या इतक्या संशयास्पद घटनांच्या वेळी नेमकी तीच कामावर असण्याची शक्यता ३४ कोटी २० लाखांत एक. हेगच्या न्यायालयाला एका तज्ज्ञाने हा हिशेब दिला आणि मार्च २००३मध्ये त्या परिचारिकेला, लुसिया दे बर्क यांना, जन्मठेप झाली. अपिलाचं न्यायालय २००४ साली म्हणालं, आम्ही आकडेवारीवर विसंबलेलो नाही. आणि चार खुनांचे सात केले!

खून करताना त्यांना कुणीही पाहिलं नव्हतं. युलियाना बालरुग्णालयात नैसर्गिक म्हणून नोंदले गेलेले मृत्यू लुसियांवर संशय आल्यावर संशयास्पद ठरले. का? त्या पाळीला लुसिया होत्या म्हणून. मग तीच यादी पुढे करून विचारलं गेलं, दरवेळी हीच बाई कशी? आरोपी आधी ठरला, गुन्हे मागून जमवले. तिथल्या त्यांच्या वॉर्डात लुसिया येण्यापूर्वीच्या तीन वर्षांत सात मृत्यू झाले होते, त्या असतानाच्या तीन वर्षांत सहा. हे एकाही न्यायाधीशाला खटकू नये?

डॉक्टर मेटा दे नो यांना खटकलं. त्याच रुग्णालयातल्या मुख्य बालरोगतज्ज्ञ त्यांच्या नात्यातल्या, तरी त्या गप्प बसल्या नाहीत. त्यांचे भाऊ टोन डर्कसन यांनी २००६ साली या खटल्याची चिरफाड करणारं पुस्तक लिहिलं. संख्याशास्त्रज्ञ रिचर्ड गिल यांनी गणित नव्याने मांडलं, तेव्हा उत्तर आलं सुमारे २५मध्ये एक. १४ एप्रिल २०१० रोजी आर्नहेमच्या न्यायालयाने लुसियांना निर्दोष ठरवलं. तोवर सहा वर्षांहून अधिक काळ तुरुंगात गेला होता. तिथेच त्यांना पक्षाघातही झाला.

नेदरलँड्समध्ये निदान दाद मागायला जागा तरी होती. स्खिडामच्या बागेतल्या खुनासाठी एक निरपराध माणूस शिक्षा भोगत होता आणि २००४ साली खऱ्या खुन्याने कबुली दिली. त्या नामुष्कीनंतर बंद खटले तपासणारी समिती नेमली गेली. लुसियांचं प्रकरण पुन्हा उघडलं ते तिच्यामुळे.

आणि महाराष्ट्रात? भटक्या जमातीतल्या सहा जणांना सर्वोच्च न्यायालयाने २००९ साली फाशी सुनावली. त्याच न्यायालयाने मार्च २०१९मध्ये सहाही जणांना निर्दोष सोडलं. मधली वर्षं ते फाशीच्या छायेत जगले. राज्याने प्रत्येकाला पाच लाख रुपये द्यावेत, असा आदेश झाला. तेही न्यायालयाच्या मर्जीने, कायद्याने मिळालेला हक्क म्हणून नव्हे. अशा भरपाईसाठी कायदा करा, असं विधी आयोगाने २०१८ सालच्या २७७व्या अहवालात सांगून ठेवलं आहे.

तो अहवाल कायद्यात उतरला पाहिजे. बंद झालेले खटले तपासणारी स्वतंत्र समितीही हवी, आणि तिच्यात वकिलांइतकेच डॉक्टर व संख्याशास्त्रज्ञ हवेत. मत मागायला दारात येणाऱ्या उमेदवाराला या दोन गोष्टी विचारा.