मुक्काम पोस्ट सेव्हगेम, तालुका जिंतूर

परभणी जिल्ह्यात हौसेने प्रवासाला निघणाऱ्या माणसाने गंगाखेडला जाऊन जनाबाईंच्या जन्मस्थानी मस्तक टेकवावे, पाथरीला साईबाबांचे जन्मस्थान म्हणून मानले जाणारे स्थळ पाहावे, चारठाण्याची प्राचीन मंदिरे डोळे भरून न्याहाळावीत आणि जिंतुरात उतरलाच तर नेमगिरीची जैन लेणी पाहिल्यावाचून परतू नये, असा शिष्टसंमत परिपाठ आहे. आम्ही मात्र याच जिल्ह्याचा बराचसा मुलूख काही आगगाडीने, काही एसटीने आणि उरलेला ऑटोरिक्षाने पालथा घातला, तो 'एज ऑफ एम्पायर्स' नामक संगणकीय खेळातील एका जुन्या सामन्याची नोंद कोणत्या दप्तरी दाखल आहे याची तहकिकात करण्यासाठी.

या प्रकरणाची हकीकत अशी. भारनियमनाने मराठवाडा हैराण झाला होता त्या काळात परभणीच्या स्टेशन रोडवरील एका इंटरनेट कॅफेत माझा भाचा व त्याचा चुलतभाऊ एका बाजूस, आणि जिंतूरचा त्यांचा आतेभाऊ व त्याचा कोणी दोस्त दुसऱ्या बाजूस, असा एक घनघोर संग्राम झाला होता. हा संग्राम कोणी जिंकला, हा प्रश्न तेव्हापासून घरातील प्रत्येक लग्नाच्या पंगतीत मठ्ठ्याच्या पाठोपाठ वाढला जातो. उभय पक्ष आता पुण्या-संभाजीनगरात नोकऱ्या करून कर्ते झाले आहेत, पैकी काहींचे केसही विरळ झाले आहेत. परंतु दावा कोणीही सोडलेला नाही. यंदा भाच्याने एकाएकी जाहीर केले, की सामना सुरू करण्यापूर्वी आपण 'रेकॉर्ड गेम' या चौकटीत खूण केली होती, सबब पुरावा अस्तित्वात आहे आणि तो केवळ शोधावयाचा आहे. कॅफे केव्हाच बरखास्त झाला होता व त्यातील संगणक मिळेल त्या किमतीस विकले गेले होते. त्यांपैकी एक नानलपेठेत, एक सेलूला आणि एक खुद्द आतेभावाच्या घरी जिंतुरात नांदत असल्याचा माग लागला. मी सेवानिवृत्त, म्हणजे घरच्यांच्या दृष्टीने सदैव मोकळा. शिवाय साऱ्या हयातीत फायली शोधण्याखेरीज दुसरे काही केलेले नसल्यामुळे माझी नेमणूक एकमताने झाली.

खेळाविषयी दोन शब्द सांगितले पाहिजेत. अमेरिकेतील डॅलस येथील एन्सेम्बल स्टुडिओज या मंडळींनी 1999 साली त्याचा 'एज ऑफ किंग्ज' हा दुसरा भाग काढला आणि 2000 साली 'द कॉन्करर्स' ही त्याची पुरवणी. याच 1999 साली 1 मे रोजी आमच्या जिल्ह्याचे दोन तुकडे होऊन हिंगोली निराळी झाली. जगात जर्मनी आणि भारतात परभणी अशी ख्याती मिरविणाऱ्या जिल्ह्याची निम्मी दप्तरे त्या वर्षी गाठोडी बांधून परगावी निघाली असताना इकडे पोरे मात्र पडद्यावर नवीन साम्राज्ये वसवीत होती.

नानलपेठेतील संगणक चालू झाला तेव्हा पडद्यावर खेळाचे चित्र दिमाखाने झळकत होते, त्यामुळे पहिल्याच मुक्कामी कार्यसिद्धी झाली असे वाटून मी चहाला होकार दिला. भाच्याने चित्रावर दोनदा टिचकी मारताच यंत्राने इंग्रजीत कळविले, की हा मार्ग ज्या वस्तूकडे जातो ती वस्तू हलविण्यात अथवा बदलण्यात आली आहे. चित्र आहे आणि खेळ नाही, हे गूढ भाच्याने मला परोपरीने समजावले. ते उमगले मात्र दुसऱ्या दिवशी, सेलूकडे जाणारी आमची पॅसेंजर क्रॉसिंगसाठी मानवत रोडला दीर्घकाळ उभी राहिली तेव्हा. पाटीवर मानवत हे नाव ठळक अक्षरांत लिहिलेले असते, पण पाटी वाचून उतरलेल्या नवख्या प्रवाशाला मानवत गाव गाठण्यासाठी पुन्हा वाहन शोधावे लागते. ते स्थानक म्हणजे गाव नव्हे, गावाकडे जाण्याची केवळ सोय होय. आणि गाव उद्या उठून गेले तरी पाटी काही आपण होऊन उतरणार नाही. पडद्यावरील चित्राचा दर्जा तोच. ज्याला खरे गाव पाहावयाचे आहे त्याने त्या चित्रावर उजवी टिचकी मारून 'ओपन फाइल लोकेशन' हा हुकूम सोडावा, म्हणजे वाहन थेट वेशीपर्यंत जाते, अर्थात वेस जागेवर असल्यास.

सेलूचा संगणक एका झेरॉक्सच्या दुकानात होता. पीकविम्याचे अर्ज भरावयास आलेल्या शेतकऱ्यांची रांग ओसरेपर्यंत आम्ही बाकावर बसून राहिलो. पुढे जे घडले ते या प्रवासातील सर्वांत रम्य प्रकरण असल्याने सविस्तर निवेदन करतो. येथे खेळ सुरू झाला, एवढेच नव्हे तर खेळाच्या आतील यादीत जुन्या सामन्यांच्या नोंदी ओळीने मांडलेल्या दिसल्या. परंतु त्या नोंदी जेथे असावयास हव्यात तो कप्पा, म्हणजे सी ड्राइव्ह, त्यात प्रोग्रॅम फाइल्स, त्यात मायक्रोसॉफ्ट गेम्स, त्यात एज ऑफ एम्पायर्स टू आणि त्यात सेव्हगेम, इतक्या देवड्या ओलांडून आम्ही उघडला, तर आत शुकशुकाट.

"काका, गेममधी तर सगळं दिसायलंय, अन् फोल्डर रिकामं दाखवायलंय," दुकानाचा तरुण मालक म्हणाला, "भुताटकीच म्हणायची की ही!"

ती भुताटकी नव्हती, तो वरिष्ठांचा बंदोबस्त होता. पूर्वीच्या विंडोजमध्ये कोणताही खेळ प्रोग्रॅम फाइल्स या राखीव इलाख्यात वाटेल ते लिहीत असे. व्हिस्टापासून तेथे सामान्य इसमास लिहिण्याची मनाई झाली. आता जुन्या खेळांना हा नवा कायदा कसा कळावा? ते पूर्वीच्याच वहिवाटीने तेथे लिहू जातात. तेव्हा व्यवस्था अशी केली, की त्यांना अडवावयाचे नाही, रागवावयाचे नाही, केवळ त्यांचा कागद मुकाट्याने उचलून दुसऱ्या दप्तरात ठेवावयाचा. आणि खेळाने तो पुन्हा मागितला की तेथूनच काढून अशा चेहऱ्याने पुढे करावयाचा, की जणू तो मूळ जागी होता. हे दुसरे दप्तर यूजर्समध्ये, वापरणाऱ्याच्या नावाखाली, ॲपडेटा नामक कप्प्यात, त्यात लोकल आणि त्यात व्हर्च्युअलस्टोअर, अशा ठिकाणी असते. त्यातही ॲपडेटा हा कप्पा मुळात गोषात असल्याने तो उघड करण्याची परवानगी आधी घ्यावी लागते. आमच्या खात्यात तीस वर्षे अर्जदारांना फिरविणारे एकाहून एक तालेवार कारकून होऊन गेले, परंतु अर्जदारास आपण फिरविले जात आहोत याचा पत्ताच लागू न देण्याची ही सफाई त्यांच्यापैकी एकालाही साधली नव्हती. विंडोज 7 मध्ये त्या रिकाम्या सेव्हगेम कप्प्याच्या माथ्यावर 'कम्पॅटिबिलिटी फाइल्स' असे एक बटन उमटते व ते दाबताच माणूस परस्पर त्या गुप्त दप्तरात पोहोचतो, हे दुकानदाराला ठाऊक नव्हते. बटन दाबले, नोंदी सापडल्या. त्या सर्व दुकानदाराच्याच होत्या. दुपारच्या निवांत वेळी तो एकटा संगणकाशी लढत असे आणि बहुधा हरत असे.

सेलूहून जिंतूरला जाणाऱ्या एसटीत शेजारच्या वयस्क गृहस्थांनी कोणत्या कामाला निघालात म्हणून चौकशी केली. जुनी नोंद शोधावयाची आहे, वाद भावकीतला आहे, असे मी म्हणताच त्यांचा चेहरा सहानुभूतीने भरून आला. "आधी तलाठ्याकडून फेरफार काढा," ते गंभीरपणे म्हणाले, "अन् निजामाच्या वेळचं असंल तर मोडी वाचणारा गाठा. नक्कल हाती आल्याबिगर समोरच्याला काहीच बोलू नका." त्यांच्या उतरण्याचे ठिकाण येईपर्यंत भाऊबंदकीचे इतके निकाल त्यांनी ऐकविले, की माझा भाचा मनातल्या मनात वकील शोधू लागला असावा.

जिंतुरात आतेभावाच्या आईने, म्हणजे आमच्या विहीणबाईंनी, संगणकावर विणलेले पांढरे आच्छादन घातले होते व त्यावर एक फोटो ठेवला होता. फोटो हलवून यंत्र सुरू केले. या यंत्राचा सी ड्राइव्ह गावातील तज्ज्ञाने वेळोवेळी पुसून टाकला होता, आणि सामन्याची नोंद 'माय डॉक्युमेंट्स'मध्ये असती तर तीही त्यासवे वाहून गेली असती. परंतु आपल्याकडे संगणक जोडून देणारा कारागीर डिस्कचे सी, डी, ई असे वाटे पाडतो, विंडोज सी मध्ये घालतो आणि गाणी, सिनेमे व खेळ पलीकडे ठेवतो. जिंतूरच्या तज्ज्ञाने सी ला हात लावला, ई ला नाही. ई मध्ये गेम्स, त्यात न्यू फोल्डर, त्यात न्यू फोल्डर दोन, आणि त्यात संपूर्ण खेळ, सेव्हगेम कप्प्यासह! जुना खेळ आपल्या नोंदी स्वतःच्याच घरात ठेवतो, हा त्याचा गावंढळपणा त्या दिवशी आमच्या कामी आला. नोंदीच्या नावात तारीख होती, वेळ होती. आतेभावाने तारीख वाचली आणि तो भाच्याकडे पाहीनासा झाला.

भाच्याने ती नोंद उतावीळपणे आपल्या लॅपटॉपवर घेतली, पण त्यावरील 2019 च्या नव्या आवृत्तीने तिची दखलही घेतली नाही. याचे कारण मनोरंजक आहे. अशा नोंदीत चित्रपटासारखी चित्रे नसतात. अमुक क्षणी अमुक खेळाडूने अमुक प्याद्यास कोठे जाण्याचा हुकूम केला, एवढ्या हुकमांची ती जंत्री असते, म्हणूनच तासाभराचे युद्ध अगदी थोडक्या जागेत मावते. पाहताना संगणक तेच हुकूम पुन्हा बजावून सारे युद्ध नव्याने लढतो. तेव्हा सुरुवात तीच हवी आणि नियमही तेच हवेत. या मालिकेच्या जाळ्यावरील खेळाची रचनाही याच तत्त्वावर होती. तिच्या कर्त्यांपैकी बेटनर व टेरानो यांनी 2001 साली लिहिले आहे, की नकाशा तयार होताना एखादे हरीण दोन यंत्रांवर किंचित वेगळ्या जागी उभे राहिले, तर काही मिनिटांनी एका यंत्रावरील शिकाऱ्याचा भाला चुकतो, तो रिकाम्या हातांनी घरी येतो, आणि तेथून पुढे दोन यंत्रांवर दोन निरनिराळे इतिहास सुरू होतात.

तेव्हा सामना त्याच यंत्रावर पाहणे भाग होते. भाच्याने मूळ सीडी जपून आणली होती, पण सीडीचा खण उघडेना. विहीणबाईंनी पदराची पिन काढून सरळ केली, भाच्याने ती खणाच्या समोरील बारीक छिद्रात खुपसली व खण पुढे आला. मग आम्ही सर्व जण, चुलतभावाला फोनवर घेऊन, साग्रसंगीत बसलो. या जुन्या आवृत्तीत मागे जाता येत नाही, वेग तेवढा वाढविता येतो. पण उभय पक्षांनी वेग वाढविण्यास हरकत घेतली. माझ्या भाच्याने आरंभीची पंधरा मिनिटे मेंढ्या शोधण्यात घालविली होती, हे सर्वांसमक्ष उघड झाले. आतेभावाने भिंत बांधली, पण तिला एक फट ठेवली. अखेरीस दोन्हींकडचे घोडदळ एका नदीच्या उतारावर समोरासमोर आले, भाले खाली झाले, आणि तेथेच नोंद संपली. त्या क्षणी स्टेशन रोडची वीज गेली होती.

निकाल लागलेला नाही, असा माझा अभिप्राय मी दोन्ही पक्षांना तोंडी कळविला व तो दोघांनीही अमान्य केला. नेमगिरी पाहावयाची राहून गेली. ज्या वाचकांच्या घरी असा जुना संगणक अद्याप असेल त्यांनी फॉरमॅट करणाऱ्यास बोलावण्यापूर्वी खेळाचे अख्खे फोल्डर पेन ड्राइव्हवर उतरवून घ्यावे आणि व्हर्च्युअलस्टोअरही चाचपावे. नवी आवृत्ती खेळणाऱ्यांनी स्टीमच्या फोल्डरात हात न घालता सी ड्राइव्हवर यूजर्स, त्यात आपले नाव, त्यात गेम्स, त्यात एज ऑफ एम्पायर्स टू डीई, त्यात 17 आकडी नावाचा कप्पा आणि त्यात सेव्हगेम, या मार्गाने जावे.