न मोजलेल्या धावा

बेसबॉलचा हंगामपूर्व सामना नियमित हंगामातल्या सामन्यासारखाच दिसतो. मैदान तेच, चेंडू तोच, मैदानात उभे राहणारे नऊ जणही नऊच. धावफलक असतो, पंच असतात, निकालही लागतो. फक्त तो निकाल नियमित हंगामाच्या गुणतक्त्यात चढत नाही. सामना संपला की धावा पुसल्या जातात आणि हरलेला संघ जिंकलेल्या संघाइतक्याच भुकेने जेवायला जातो.

नियमित हंगामाचा थाट वेगळा असतो. अमेरिकेच्या मेजर लीगमध्ये ३० संघ आहेत आणि मार्चअखेर ते सप्टेंबरअखेर प्रत्येक संघ १६२ सामने खेळतो. विदर्भाच्या रणजी संघाला करंडक उचलायला जेवढे सामने लागतात, तेवढे इथे पहिल्या पंधरवड्यात उरकतात. या १६२ सामन्यांतला प्रत्येक चेंडू, त्याचा वेग, त्याचे वळण, तो कुठे पडला आणि कुणाच्या चुकीने पडला, हे सगळे कायमचे नोंदले जाते. शंभर वर्षांपूर्वी एका मंगळवारी कोणी झेल सोडला, हे सांगणारी माणसे त्या देशात आहेत आणि त्यांना मान आहे. एवढ्या हिशेबी खेळात हिशेबाबाहेरचा दीड महिना ठेवावा लागला, यात नवल नाही.

तो दीड महिना म्हणजे मध्य फेब्रुवारी ते मार्चअखेर. आधी चेंडू टाकणारे पिचर आणि तो झेलणारे कॅचर हजर होतात, कारण खांदा तयार व्हायला सर्वांत जास्त दिवस लागतात. बाकीचे मागाहून येतात. उत्तरेकडे अजून बर्फ असतो, म्हणून १५ संघ फ्लोरिडात आणि १५ ॲरिझोनात तळ ठोकतात. शिकागोच्या संघाला घेऊन कॅप ॲन्सन १८८६ साली आर्कान्सामधल्या हॉट स्प्रिंग्जच्या गरम पाण्याच्या झऱ्यांवर गेला, तो याच परंपरेच्या सुरुवातीच्या काळात. हिवाळ्यात अंगावर चढलेली चरबी आणि बिअर घामावाटे काढणे, हा त्यामागचा उघड हेतू होता.

ॲरिझोनातल्या सामन्यांना कॅक्टस लीग म्हणतात. वाळवंट असल्याने नाव समजण्यासारखे आहे. फ्लोरिडातल्या सामन्यांना ग्रेपफ्रूट लीग म्हणतात आणि या नावामागे सांगितली जाणारी गोष्ट हंगामपूर्व काळाच्या गांभीर्याची चांगली कल्पना देते. मार्च १९१५ मध्ये ब्रुकलिनचे स्थूल आणि पन्नाशी गाठलेले व्यवस्थापक विल्बर्ट रॉबिन्सन यांनी विमानातून टाकलेला चेंडू झेलण्याचे कबूल केले. विमान रूथ लॉ या बाईंचे. चेंडू जमिनीवरच राहून गेला, म्हणून वरून पपनसाच्या कुळातले ते रसाळ फळ टाकण्यात आले. ते रॉबिन्सनसाहेबांच्या अंगावर आदळून फुटले, कोमट रस वाहू लागला आणि आपण रक्तबंबाळ झालो या समजुतीने त्यांनी मदतीसाठी आरडाओरड केली. नियमित हंगामात व्यवस्थापकावर फळे पडत नाहीत. पडलीच तर ती प्रेक्षकांतून येतात.

खेळाडूंच्या संख्येतला फरक पहिल्या नजरेत कळतो. नियमित हंगामात बहुतेक काळ संघात २६ जणच ठेवता येतात. हंगामपूर्व शिबिरात साठ-सत्तर जण असतात आणि त्यांच्या पाठीवर ८३, ९१, ९७ असे क्रमांक दिसतात. मान्यवर खेळाडू चारपाच इनिंग खेळून दिसेनासे होतात. एखाद्या पालकाने तिकीट काढून मुलाला ज्याच्यासाठी आणले, तो तारा सातव्या इनिंगपर्यंत आंघोळ करून घरच्या वाटेला लागलेला असतो. कधी संघाचे दोन तुकडे करून एकाच दिवशी दोन गावांत दोन सामने खेळवतात. त्यामुळे एकच संघ एकाच दिवशी जिंकतो आणि हरतोही, आणि दोन्हींबद्दल त्याला सारखेच वाटते. दौऱ्यावरच्या क्रिकेट संघाच्या सराव सामन्यात अकराच्या जागी तेराचौदा जणांना खेळवतात, त्याचीच ही पद्धत मोठी बहीण.

मात्र सर्वांत मोठा बदल पिचरमध्ये दिसतो. सुरुवातीच्या सामन्यांत तो एकदोन इनिंग टाकून थांबतो आणि पुढे आठवड्यागणिक काम वाढवत नेतो. तो समोरच्याला बाद करायला आलेला नसतोच. हिवाळ्यात शिकलेला नवा चेंडू तो टाकून बघतो, फटका पडला तरी तोच पुन्हा टाकतो, आणि चेंडू कुंपणापार गेला की मान डोलावून वहीत नोंदवल्यासारखा चेहरा करतो. चार होमरन खाऊन ‘मला आज छान वाटलं’ असे पत्रकारांना सांगण्याची मुभा पिचरला वर्षातून याच दीड महिन्यात असते. उलट निकाल मोजायचा ठरला की माणसे काय करतात, हे १ मे १९२० रोजी दिसले. त्या दिवशी ब्रुकलिन आणि बॉस्टन २६ इनिंग खेळले, आणि लिऑन कॅडोर व जो ओश्गर या दोघांनी त्या सव्वीसही इनिंग आपापल्या खांद्यावर ओढल्या. अंधार पडल्यावर सामना १-१ असा सोडून द्यावा लागला. ब्रुकलिनचे व्यवस्थापक तेच, फळवाले रॉबिन्सन.

आज नियमित हंगामात सामना बरोबरीत सोडायचा नसतो; नऊ इनिंगमध्ये फैसला झाला नाही तर जादा इनिंग खेळतात. हंगामपूर्व सामना बरोबरीत सुटला तरी कुणी हरकत घेत नाही, उलट सगळ्यांना लवकर घरी जाता येते. महामारीच्या सावटातल्या २०२१ मध्ये तर नियम इतके सैल होते, की पिचरने वीसेक चेंडू टाकले आणि तो दमलेला दिसला तर तिघे बाद होण्याआधीच इनिंग संपवता येत असे. आपला पिचर झोडपला जात असताना इनिंगच बंद करण्याची सोय सामान्य जीवनात फारशी आढळत नाही.

नवे नियमही नियमित हंगामाआधी इथे चाखून बघतात. बुलढाणा जिल्ह्याच्या मेहकर तालुक्यातल्या आमच्या हिवरा आश्रमात विवेकानंद जयंतीला लाखोंची महापंगत बसते, ट्रॅक्टरमधून पुरी आणि वांग्याची भाजी वाढली जाते. पण मोठ्या घाण्याआधी भाजीचा थेंब तळहातावर घेऊन मीठ बघणारा कुणीतरी लागतोच. मेजर लीगचा तो तळहात म्हणजे मार्च महिना. २०२३ मध्ये वेळेचे घड्याळ आले: पिचरने ठरलेल्या सेकंदांत चेंडू टाकायचा आणि बॅटरने आठ सेकंद उरेपर्यंत तयार व्हायचे. त्या फेब्रुवारीच्या २५ तारखेला अटलांटा आणि बॉस्टन ६-६ असे अडले होते. शेवटची इनिंग, दोघे बाद, तिन्ही बेस भरलेले, आणखी एक चुकीचा चेंडू पडला की अटलांटा विजयी. अटलांटाचा तरुण बॅटर कॅल कॉनली याला वाटले, पिचरनेच वेळ दवडली. तो विजयी मुद्रेने पहिल्या बेसकडे निघाला. पंचांनी त्यालाच उशीर झाल्याबद्दल बाद दिले आणि सामना तिथेच बरोबरीत संपवला. हे सगळे बघून मेहकर तालुक्यातला कोणीही विचारेल, ‘मंग जिकलं कोन?’ नियमित हंगामात या प्रश्नाला उत्तर असते.

हंगामपूर्व सामन्यात हौशालाही जागा मिळते. २००८ मध्ये विनोदी नट बिली क्रिस्टल साठाव्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी न्यूयॉर्क यँकीजकडून एकदा बॅट घेऊन उभा राहिला आणि रीतसर बाद झाला. २०१५ मध्ये विल फेरेल या नटाने एका दिवसात दहा संघांकडून दहा जागा खेळून दाखवल्या. बास्केटबॉल सोडून आलेला मायकेल जॉर्डन १९९४ च्या वसंतात शिकागो व्हाइट सॉक्सच्या शिबिरात होता. तो मात्र गंमत म्हणून आला नव्हता, म्हणून त्याला मोजणाऱ्यांनी मोजले आणि खालच्या श्रेणीतल्या बर्मिंगहॅमला धाडले.

पैशाचाही फरक आहे. खेळाडूंचा पगार नियमित हंगामापासून सुरू होतो. शिबिरात खर्चापुरता भत्ता मिळतो. कोट्यधीश माणसे सहा आठवडे भत्त्यावर राबतात, हे दृश्य बघायला प्रेक्षक तिकीट काढतात. मैदाने लहान असतात, कुंपणाशी उभे राहिले तर सही मिळते, आणि गवताच्या उतारावर चादर पसरून सामना बघता बघता झोपले तरी काही चुकत नाही.

हिवरा आश्रमात बसून हा फरक घड्याळावरच कळतो. फ्लोरिडातला हंगामपूर्व सामना बहुधा दुपारी एकच्या सुमारास सुरू होतो, म्हणजे इथे रात्री साडेअकरा. मार्चमध्ये तिकडची घड्याळे पुढे सरकली की साडेदहा. जेवून, अंगणात बाज टाकून बघण्यासारखा. नियमित हंगामातला न्यूयॉर्कचा संध्याकाळचा सामना मात्र इथे पहाटे साडेचारला, काकड आरतीच्या वेळेला उगवतो. गंभीर खेळ भल्या पहाटे आणि थट्टेचा खेळ झोपण्याआधी, अशी ही वाटणी अमेरिकेने बुलढाणा जिल्ह्याला विचारून केलेली नसली, तरी वाईट नाही.

जिल्ह्यालाही हा भेद परका नाही. शालेय क्रीडा स्पर्धांत बेसबॉल आणि सॉफ्टबॉल दोन्ही आहेत. शाळेच्या मैदानावरच्या सरावात पंच आणि पिचर हे दोन्ही पदभार क्रीडाशिक्षकांकडे असतात; सर आपल्याच चेंडूवर निर्णय देतात आणि अपील त्यांच्याकडेच करायचे असते. जिल्हा, मग अमरावती विभाग, मग राज्य अशी चढण सुरू झाली की तीच पोरे गंभीर होतात, कारण पुढे दहावीचे वाढीव क्रीडागुण असतात आणि गुणांचा हिशेब घरी आईसुद्धा ठेवते.

निकाल धरायचा नाही, हा नियम सगळ्यांना सारखा लागू नसतो, हे ९७ क्रमांकाच्या पोराला विचारावे. ताऱ्याची जागा पक्की असते. मार्चमध्ये तो शून्यावर गेला तरी ‘लय सापडते आहे’ असे छापून येते. शिबिरापुरत्या बोलावलेल्या पोराला तेच चेंडू वर्षातली एकमेव परीक्षा असतात. बाकीचे घाम काढायला खेळत असताना तो एकटा अंतिम सामना खेळत असतो, आणि तोही सातव्या इनिंगनंतर, जेव्हा निम्मे प्रेक्षक गाडी काढायला गेलेले असतात. त्यातही त्याने होमरन मारला तर तो बहुधा दुसऱ्या एका ९० च्या वरच्या क्रमांकाच्या पिचरला मारलेला असतो, म्हणून प्रशिक्षक तो अर्धाच धरतात.

मार्चच्या शेवटी शिबिर रिकामे होते. हंगामाच्या पहिल्या सामन्याआधी प्रत्येक संघाला २६ नावे द्यावी लागतात. मार्चभर चेंडू कुंपणापार धाडणारा एखादा त्या यादीत नसतो आणि मार्चभर चाचपडणारा तारा असतो. उरलेले खालच्या श्रेणीच्या, म्हणजे मायनर लीगच्या गावांकडे रवाना होतात. साठजणांची सरासरी पुसून सगळ्यांची पाटी कोरी होते, पंच खिशातले नियमपुस्तक पुन्हा चाळतात, आणि पहिल्या चेंडूपासून सगळे मोजायला सुरुवात होते.