लव्हिनिया तिता

मनिलातल्या घरी वाढदिवस असला, पान्सितच्या शेवया संपत आल्या, गाणी म्हणायचं भाड्याचं व्हिडिओके यंत्र तापलं, की एक तिता उठते. तिता म्हणजे मावशी, आत्या, काकू, प्रसंगी समोरच्या घरातली बाईसुद्धा. साठीला टेकलेली ही बाई पंखा मिटून फर्मावते, ‘‘पेला भरा.’’ लहान मुलं टेबलाखाली शिरतात.

१९८५ साली एमॅन्युएल बोरलाझा यांचा ‘बितुइंग वालांग निंगनिंग’ हा चित्रपट आला, तेव्हा तिता ऐन विशीत होती. मोगऱ्याचे गजरे विकणारी गरीब डोरिना, म्हणजे शेरॉन कुनेता, ही बड्या गायिका लव्हिनियाची भक्त. पुढे तीच गाऊ लागते आणि भक्तीचं वैर होतं. लव्हिनिया झालेली शेरी गिल चारचौघांत तिच्या तोंडावर पेलाभर पाणी फेकते आणि तिला दुय्यम दर्जाची, उगाच धडपडणारी नक्कलखोर ठरवते. तेही थेट इंग्रजीत, म्हणजे जास्त झोंबावं!

तिता पक्की ‘शेरोनियन’, म्हणजे शेरॉनची भक्त. डोरिनापायी तिनं रुमालांचे ढीग भिजवले आहेत. पण नक्कल करायची म्हटली की ती न चुकता लव्हिनिया होते. तिचंच कशाला, अख्ख्या घरात डोरिना व्हायला कोणी तयार नसतं. भिजायचं कोणी?

मान नव्या सुनेचा. तिला दिवस गेलेले असले तर भाच्याचा.

‘‘तिता, उद्या परीक्षा आहे माझी.’’

‘‘डोरिनानं सांगितली होती का अशी सबब?’’

पाणी बर्फाचंच लागतं. कोमट पाण्यानं अपमान होत नाही, असं तिचं ठाम मत आहे.

२००६ मध्ये याच कथेवर मालिका निघाली, सारा हेरोनिमो डोरिना झाली. तितानं एकही भाग चुकवला नाही. पाहिल्याशिवाय नावं ठेवणार कशी? २०२२ च्या ऑगस्टमध्ये शेरी गिल गेली, तेव्हा घरच्यांना वाटलं, सुटलो. पुढच्या वाढदिवसाला दोन पेले भरले गेले. दुसरा श्रद्धांजलीचा.

पाण्यानंतर शीर्षकगीत. तिता डोळे मिटून, जीव ओतून गाते. यंत्र गुण देतं ७१. मग ओलाचिंब भाचा कुडकुडत, बेसूर तेच गाणं म्हणतो. ९८!

तिता तडक यंत्रवाल्याला फोन लावते आणि भाडं परत मागते. तो या धंद्यात मुरलेला. म्हणतो, ‘‘तिता, यंत्र बिघडलेलं नाही. ते डोरिनाच्या पक्षातलं आहे.’’