ताबा पंचनाम्यास अनावृत पत्र

श्री. रा. रा. पंचनामासाहेब,
मुक्काम : भूसंपादन शाखेचे कपाट


आपल्या कर्तृत्वाला तोड नाही. पंचांच्या सह्या, चतुःसीमा आणि ‘मोकळ्या जागेचा ताबा शांततेत घेतला’ हे एक वाक्य, एवढ्या भांडवलावर आपण अख्खे शिवार सरकारच्या नावे करता. अनेकदा मूळ मालक पुढे वर्षानुवर्षे तिथेच पेरतो आणि सातबाऱ्यावरही त्याचेच नाव राहते. पण १८९४च्या जुन्या भूसंपादन कायद्याचे कलम १६ असे होते, की निवाडा होऊन ताबा घेतला की जमीन सर्व बोज्यांतून मोकळी होऊन सरकारची. आणि ताबा म्हणजे आपण! ६ मार्च २०२० रोजी इंदूर विकास प्राधिकरणाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी तसा शिक्काही मारला. पंचनामा झाला की ताबा सरकारचा; त्यानंतर त्या जमिनीवर राहणारा अतिक्रमक. नांगर धरणारा उपरा आणि कपाटातला कागद कब्जेदार, ही किमया आपणच करू जाणे.

त्याआधी काही वर्षे आपले ग्रह फिरले होते, हे मान्य. २०१३च्या नव्या कायद्याने जुनी, रखडलेली संपादने रद्द होण्याची वाट काढली. निवाड्याला पाच वर्षे उलटूनही ताबा घेतला नसेल किंवा मोबदला दिला नसेल, तर संपादन संपले. २०१४मध्ये पुणे महापालिकेच्या खटल्यात न्यायालयाने सरकारी तिजोरीत पैसे ठेवणे म्हणजे मोबदला देणे नव्हे, असेही बजावले. २०२०च्या निकालाने ती वाट अरुंद केली : ताबाही नाही आणि मोबदलाही नाही, अशी दुहेरी कसूर असेल तरच संपादन रद्द. म्हणजे एकटे आपण हजर असलात, की पैशाचे काय झाले याने संपादन ढळत नाही. आपली गैरहजेरीसुद्धा सरकारला फारशी नडत नाही म्हणा. हिमाचल प्रदेशात १९६७-६८मध्ये रस्त्यासाठी एका निरक्षर विधवेची जमीन घेतली गेली. संपादन नाही, मोबदला नाही. ती न्याय मागायला गेली तेव्हा राज्य सरकारने प्रतिकूल कब्जाचा दावा केला : इतकी वर्षे आम्हीच बसलो आहोत, तेव्हा जमीन आमची. जानेवारी २०२०मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो फेटाळला. पण सरकारी वकिलाला तो मांडवला, ही गोष्ट निकालापेक्षा बोलकी आहे.

आपले चाहते म्हणतील, धरणासाठी हजारो गट घ्यायचे तर प्रत्येक बांधावर पोलीस उभा करायचा का? नको. मोकळ्या जमिनीचा ताबा कागदावर घेण्याला माझी हरकत नाही. कागद तिथेच थांबण्याला आहे. दुसरा आक्षेप जास्त वजनाचा. मोबदला घेऊन तीच जमीन पुन्हा विकणारे महाभाग आहेतच. पण त्यांना विकता येते ती सातबाऱ्यावर त्यांचे नाव शिल्लक असते म्हणून. क्षेत्रातला बदल नोंदवणारे कमी-जास्त पत्रक वेळेत झाले असते, फेरफार पडला असता, तर घेणारा फसला नसता. वाद मालकीचा दिसतो. मुळात तो अर्धवट टाकलेल्या कारकुनीचा असतो. तिसरे म्हणणे, वारस तीस-चाळीस वर्षांनी जागे होतात. होतात खरे. पण मुदतीच्या कायद्याने खासगी मालकाला प्रतिकूल कब्जाविरुद्ध दावा लावायला १२ वर्षे दिली आहेत आणि सरकारला ३०. ज्याच्याकडे तलाठी, मोजणी खाते आणि वकिलांची फौज आहे, त्यालाच अडीचपट सवड! आळसाचा दोष मग वारसाच्याच माथी का?

महाराष्ट्र जमीन महसूल संहिता वारसाला सांगते, की जमिनीत हक्क मिळाला तर तीन महिन्यांत तलाठ्याला कळव. सरकारने स्वतःला हीच शिस्त लावावी. पंचनाम्यापासून तीन महिन्यांत फेरफार नोंदला नाही आणि खातेदाराला त्याची लेखी नोटीस पोचली नाही, तर त्या पंचनाम्याला ताबा मानू नये. यासाठी कायद्यात एक कलम घालावे लागेल, ते विधिमंडळाने घालावे. प्रामाणिक अधिकाऱ्याचे त्यात काहीच बिघडत नाही. आपले बिघडेल, साहेब. त्याला इलाज नाही.

आपला,
एक खातेदार