दोन सूर्य, महिने मात्र बारा

काल्पनिक जग रचणारे हौशी लेखक आभाळात दोन सूर्य टांगतात, चंद्राला कायमची रजा देतात. आणि कालगणना मांडायला बसले की महिने बारा, दिवस तीस, आठवडा सातांचा! चंद्रच नाही तर महिना आला कुठून, हे विचारायचं नाही. नावं तेवढी भारदस्त: ‘अग्निमास’, ‘छायापर्व’.

निसर्ग इतका आळशी नाही. २०११मध्ये जाहीर झालेला ‘केप्लर-१६ बी’ हा ग्रह दोन सूर्यांभोवती सुमारे २२९ दिवसांत फिरतो आणि ते सूर्य एकमेकांभोवती ४१ दिवसांत. एकाआड दुसरा दडला की महिन्याची खूण आयतीच! आपल्या पंचांगकर्त्यांना एकाच सूर्याचा चंद्राशी मेळ घालताना अधिक मास काढावा लागला. या लेखकांकडे दोन-दोन सूर्य, तरी पगार एक तारखेलाच.