कोपऱ्यातलं प्यादं

पन्नाशीला आलेली माणसं गुडघ्यांकडे लक्ष देतात. मी ओपनिंगकडे दिलं. पांढरी मोहरी मिळाली की राजापुढचं प्यादं दोन घरं सारायचं आणि पुढचं सगळं तोंडपाठ ठेवायचं, असा संकल्प. बॉबी फिशर बहुतेक आयुष्यभर हेच खेळला, मग आपल्याला काय धाड भरलीय? आमचे आजोबा देशी डाव खेळायचे. त्यात प्यादं एकेकच घर चाले, आणि उघडायची ती फक्त पानाची चंची.

दोनशे पानी वही आणली. पहिला मान रुय लोपेझचा. या स्पॅनिश पाद्र्याने 1561 साली बुद्धिबळावर पुस्तक लिहिलं. प्रतिस्पर्ध्याच्या डोळ्यांवर ऊन येईल असा पट मांडा, हा सल्लाही त्याच्याच नावावर सांगतात. आमच्या हॉलमध्ये ट्यूबलाइट, त्यामुळे तो बाद. राहिला उंट. तिसऱ्या चालीला तो काळ्याच्या घोड्यावर रोखायचा. मग काळा कोपऱ्यातलं, हत्तीपुढचं प्यादं एक घर सरकवून उंटाला विचारतो, "बोला, काय काम?" घोडा मारायचा की मागे फिरायचं, या एका प्रश्नाने साठ पानं खाल्ली.

नंतर कळलं, काळ्यावर राजाचंच प्यादं काढायची सक्ती नाही. सिसिलियनला दुसरी वही लागली. त्यातल्या नायडॉर्फमध्ये पाचव्या चालीला पुन्हा तेच कोपऱ्यातलं प्यादं! फ्रेंच आणि कारो-कान तिसरीत गेले. कारो-कानच्या पानावर बायकोने दुधाचा हिशेब लिहिला, त्यामुळे ती चाल पाठ करताना मला 'बुधवारी दोन पिशव्या' एवढंच पाठ झालं.

स्पर्धेत समोर नऊ-दहा वर्षांची मुलगी. पाय जमिनीला टेकत नव्हते. मी राजाचं प्यादं सारून घड्याळावर थाप मारली. तिने राजगिऱ्याची वडी डाव्या हातात घेतली आणि उजव्याने कोपऱ्यातलं प्यादं एक घर सरकवलं. पहिल्याच चालीला! तिन्ही वह्या मनातल्या मनात चाळल्या. तिथे दूध होतं, हे नव्हतं.

हरल्यावर म्हटलं, "बाळा, ही कसली चाल?"

"काका, कार्पोवपण हरलाय याला."

घरी येऊन पाहिलं. खरंच. 1980, स्वीडनमधलं स्कारा. काळी मोहरी टोनी मायल्सची, आणि पांढरी घेऊन हरलेला कार्पोव तेव्हा जगज्जेता होता.

चौथी वही आणलीय. पहिलं पान बायकोने दुधाला घेतलंय.