लानेलीत हरवली, कळंबोलीत सापडली

इंग्रजी भाषेची काळजी इंग्रजांनी सोडून बरीच वर्षं झाली. हल्ली ती सायन-पनवेल हायवेच्या कडेला बसलेले टायरवाले वाहतात.

पटत नसेल तर तुर्भे ते कळंबोली या पट्ट्यातल्या कुठल्याही टायरच्या दुकानात जा आणि 'स्टेपनी' एवढाच शब्द उच्चारा. पुढे क्रियापदसुद्धा लागत नाही. पोरगा पाना घेऊन उठतो, जॅक सरकवतो आणि डिकी उघडायची खूण करतो. हाच शब्द घेऊन लंडनच्या एखाद्या गॅरेजात गेलात, तर तिथला माणूस नम्रपणे तुम्हाला भुयारी रेल्वेचा नकाशा दाखवील. स्टेपनी ही तिथली पूर्व लंडनमधली एक वस्ती आहे. गाडीत असतं त्याला ते स्पेअर व्हील म्हणतात. आपण ज्याला साहेबाचा शब्द म्हणून शंभर वर्षं डोक्यावर, म्हणजे खरं तर डिकीत, वागवतोय, तो साहेबाच्या घरात कधीच अडगळीत गेला आहे.

माझा भाचा यॉर्कशरमध्ये जन्मला आणि वाढला. मराठी बऱ्यापैकी बोलतो आणि इंग्रजी अर्थातच त्याच्या घरचं. गेल्या पावसाळ्यात तो आला असताना जुईनगरच्या पुढे आमची गाडी एका खड्ड्यात आपटली. (खड्डा कुणाच्या अखत्यारीतला, हे तीन कचेऱ्यांमध्ये अजून ठरायचं असल्याने त्याविषयी अधिक लिहीत नाही.) टायर बसला.

"काही नाही रे, स्टेपनी लावू," मी म्हणालो.

"स्टेपनीला? मामा, ते लंडनला आहे. तिथे कशाला जायचं?"

खाली उतरून मी टायरवाल्याला हाक मारेपर्यंत तो पुढे झाला होता. आमचा टायरवाला मूळचा केरळचा. मल्याळम घरी, हिंदी गिऱ्हाइकाशी आणि आगरी शेजाऱ्याशी, असं त्याचं भाषेचं खातं चोख आहे. भाच्याने त्याला अत्यंत अदबीने विचारलं, स्पेअर व्हील बसवून मिळेल का? तो म्हणाला, "स्पेअर पार्ट इधर नहीं मिलेगा. तुर्भे जाओ." मग मी म्हणालो, "स्टेपनी." तो म्हणाला, "इस्टेपनी? डिकी खोलो." भाचा यॉर्कशरचा, त्यामुळे डिकी म्हटल्यावर त्याला क्रिकेटचे पंच डिकी बर्ड आठवले. ते या गाडीत कसे, हे त्याला कळेना. एक मल्याळी आणि एक मराठी माणूस यांच्यात अस्सल इंग्रजी शब्दांत व्यवहार चालला होता आणि समोर उभ्या असलेल्या इंग्लंडच्या पोराला त्यातलं अक्षर समजत नव्हतं.

आता या शब्दाची कुळकथा. वेल्समध्ये लानेली नावाचं गाव आहे. एके काळी कथलाचा मुलामा दिलेल्या पत्र्याच्या कारखान्यांसाठी प्रसिद्ध. त्या नावातला 'ल' आपला नव्हे. जीभ टाळूला टेकवून दोन्ही बाजूंनी हवा सोडली की तो वेल्श 'ल' होतो. थोडक्यात, टायरमधून हवा निघताना होतो तोच आवाज. पंक्चरवरचा इलाज अशा गावात सापडला नसता तरच नवल.

१९०४ साली या गावातल्या डेव्हिस बंधूंनी, टॉमस आणि वॉल्टर यांनी, तो शोधला. त्या काळच्या मोटारींना जादा चाक नसे, आणि असतं तरी उपयोग नव्हता, कारण चाक गाडीवरून सहज निघतच नसे. रस्त्यावर घोडे अजून भरपूर होते आणि त्यांच्या नालांचे खिळेही. खिळा लागला की मोटारमालकाने कोट काढायचा, पालथं पडून टायर रिमवरून सोडवायचा, ट्यूब काढायची, ठिगळ लावायचं आणि हातपंपाने पुन्हा हवा भरायची. हे सगळं पावसात, कारण वेल्समध्ये पावसाशिवाय दुसरं हवामान फारसं आढळत नाही. डेव्हिस बंधूंनी काय केलं, तर आरे नसलेली नुसती गोल रिम घेतली आणि तिच्यावर हवा भरलेला टायर चढवून ठेवला. टायर बसला की ही रिम बसलेल्या चाकाच्या शेजारी पकडींनी आवळायची आणि निघायचं. जुनं चाक जागच्या जागी राहायचं, भार तेवढा शेजाऱ्यावर जायचा. दुकान स्टेपनी स्ट्रीटवर होतं, म्हणून चाकाचं नाव स्टेपनी. ही युक्ती इतकी चालली की लंडनच्या टॅक्सींपासून साम्राज्याच्या कानाकोपऱ्यापर्यंत हे चाक पोचलं.

पुढे नट सोडवले की अख्खं चाक हातात येईल अशा गाड्या निघाल्या आणि डेव्हिस बंधूंच्या चाकाची गरज संपली. वस्तू गेली, मागोमाग इंग्लंडातून शब्दही गेला. भारतात मात्र वस्तू गेल्याची बातमी कुणी गॅरेजपर्यंत पोचवलीच नाही. आपल्याकडे मोटारीचं काम पुस्तकातून कुणी शिकलं नाही. पोरगं उस्तादाच्या हाताखाली लागायचं, उस्ताद म्हणेल ती स्टेपनी, तो म्हणेल तो टॉमी. उस्तादाला त्याच्या उस्तादाने सांगितलेलं. असा कानोकानी आलेला शब्द शब्दकोशवाल्यांच्या परवानगीवर जगत नाही. डालडा, झेरॉक्स ही मंडळी व्यापारी नावावरून वस्तूची झाली खरी, पण त्यांच्या वस्तू निदान अजून दुकानात मिळतात. स्टेपनीचं मूळ चाक आज डोळ्यांनी पाहायचं तर संग्रहालय गाठावं लागेल. तरी नाव कळंबोलीच्या ट्रक टर्मिनलवर दिवसरात्र चालू आहे.

या बाबतीत आपण एकटे नाही. बांगलादेशात स्टेपनी आहे, माल्टातही आहे. ब्राझीलमध्ये तर ती पोर्तुगीजात शिरून 'एस्तेपे' झाली. 'स्ट'ने सुरू होणारा शब्द पोर्तुगीज जिभेला जड जातो, म्हणून ती आधी एक स्वर लावून घेते. आमचा टायरवाला 'इस्टेपनी' म्हणतो तो काही वेगळं करत नाही. म्हणजे ब्राझीलचा ट्रकवाला उद्या कळंबोलीत बंद पडला तर त्याची सोय दोन मिनिटांत होईल. हाल फक्त इंग्रजाचे.

जी गोष्ट स्टेपनीची, तीच तिच्या घरमालकिणीची. घोडागाडीच्या मागच्या बाजूला नोकराने बसायची जी जागा, ती डिकी. इंग्लंडात ती बूट झाली, अमेरिकेत ट्रंक. आपण डिकी सोडली नाही. एकूण आपल्या प्रत्येक मोटारीच्या मागे, तिकडे अडगळीत गेलेला एक शब्द तिथल्याच दुसऱ्या अडगळीतल्या शब्दाच्या पोटात सुखाने झोपलेला असतो. नव्या मुंबईत त्याच्या उरावर सीएनजीचा सिलिंडर असतो, एवढाच फरक. नोकराची जागा गॅसने घेतली, सामान मागच्या सीटवर गेलं आणि सासूबाईंच्या मांडीवर त्यांचीच बॅग आली.

मराठीने तर स्टेपनीला नुसता आसराच दिला नाही, तिला संसार थाटून दिला. सोसायटीचा जॉइंट सेक्रेटरी म्हणजे स्टेपनी. सेक्रेटरी गावाला गेला की त्याला बाहेर काढतात, पाण्याच्या टँकरवाल्याशी भांडायला लावतात आणि सेक्रेटरी परतला की पुन्हा आत ठेवतात. गणेशोत्सवातल्या नाटकात सगळ्यांच्या भूमिका पाठ असलेला आणि एकही न मिळालेला कलाकार म्हणजे स्टेपनी. ऑफिसात दोन माणसांचं काम करणाऱ्याला 'तुम्ही आमचे आधारस्तंभ' असं भाषणात म्हणतात आणि चहाच्या टपरीवर स्टेपनी. प्रेमप्रकरणांतही हा शब्द वापरतात, पण त्याचा खुलासा कौटुंबिक अंकात करता येत नाही. या सर्व स्टेपन्यांचं एक समान दुःख आहे. कामाला त्या मुख्य चाकाइतक्याच येतात, पण हवा भरायच्या वेळी त्यांची आठवण कुणालाही होत नाही.

आता मुख्य मुद्दा. हा शब्द नव्या मुंबईत इतका रुजला यात योगायोग नाही, कारण हे शहरच मुळात स्टेपनी म्हणून घडवलं गेलं.

साठच्या दशकात मुंबईचा टायर बसला होता. बेट अरुंद, लोकल भरलेल्या आणि माणसं येतच होती. वास्तुरचनाकार चार्ल्स कोरिया आणि प्रवीणा मेहता व अभियंते शिरीष पटेल या तिघांनी खाडीच्या पलीकडे नवं शहर वसवण्याची कल्पना मांडली. १९६५ साली 'मार्ग' या त्रैमासिकाने तिच्यासाठी अख्खा अंक दिला. १९७० मध्ये हे शहर उभारण्यासाठी सिडको स्थापन झाली, १९७३ मध्ये वाशीचा खाडीपूल सुरू झाला. मुंबई दुरुस्त करायची म्हणून ती उचलून बाजूला ठेवता येत नव्हती. तेव्हा ती जागच्या जागी ठेवून शेजारी दुसरं चाक आवळायचं आणि भार त्याच्यावर घ्यायचा, असा हा बेत. लानेलीच्या डेव्हिस बंधूंनी पेटंटचा हक्क मागितला असता तर सिडको अडचणीत आली असती. खाडीपूल ही ती पकड. म्हणूनच पुलावर गाड्या अडकल्या की दोन्ही चाकं एकदम थांबतात.

त्यानंतर मुंबईला जे जे जागेत मावेनासं झालं, ते ते इकडे आलं. कांदा-बटाट्याचा आणि मसाल्याचा घाऊक बाजार आला. लोखंडाचा बाजार कळंबोलीला आला. मुंबई बंदरावरचा ताण हलका करायला १९८९ मध्ये न्हावा-शेव्याचं बंदर उभं राहिलं. विमानतळही ओसंडू लागला, तेव्हा ऑक्टोबर २०२५ मध्ये उलव्याजवळच्या नव्या विमानतळाचं उद्घाटन झालं. मंत्रालय मात्र आलं नाही. मुख्य चाकाने सगळा भार उतरवला, पण मान उतरवून ठेवला नाही.

यात एक गोष्ट विसरली जाते. स्टेपनी फुकट येत नाही, तिचं रबर कुणाच्या तरी मळ्यातलं असतं. या शहरासाठी ९५ गावांची जमीन घेतली गेली. भातशेतं, मिठागरं, खाजणं, सगळं. १९८४ च्या जानेवारीत दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली उरण तालुक्यात जमिनीच्या मोबदल्यासाठी शेतकरी रस्त्यावर उतरले आणि गोळीबारात पाच माणसं गेली. घेतलेल्या जमिनीच्या साडेबारा टक्के इतका विकसित भूखंड मूळ मालकाला, हे तत्त्व त्या लढ्यातून आलं. जादा चाकाला कुणी विनोदाने हसत असेल, तर त्याला हे ठाऊक असलेलं बरं.

नव्या मुंबईकराला मात्र स्टेपनी म्हटलेलं आवडत नाही. आमच्या रस्त्यांना सेक्टर आहेत, आमच्या पाण्याला मोरबे धरण आहे, आमची स्टेशनं तुमच्या बंगल्यांपेक्षा मोठी आहेत, असं तो ऐकवतो. पण परगावी कुणी विचारलं की 'मुंबईचे' म्हणून मोकळा होतो. डिकीत बसूनही आपण गाडी चालवतो असं वाटणं, हा या शहराचा स्वभाव आहे.

इतकं सगळं सांगून झाल्यावर एक वाईट बातमी. स्टेपनीवर खुद्द भारतातच आता संक्रांत आली आहे. २०२० मध्ये केंद्र सरकारने मोटार वाहन नियमांत बदल केला. साडेतीन टनांपर्यंतच्या प्रवासी गाडीला ट्यूबलेस टायर, हवेचा दाब सांगणारी यंत्रणा आणि पंक्चर दुरुस्तीचं साहित्य असेल, तर जादा चाक देण्याची सक्ती राहिली नाही. विजेवर चालणाऱ्या कित्येक गाड्यांत स्टेपनी येतच नाही. तिच्या जागी एक बाटली आणि एक छोटा पंप येतो. वस्तू दुसऱ्यांदा मरायला टेकली आहे.

शब्दाची मला काळजी नाही. मूळ चाक गेल्यावर जो शंभर वर्षं टिकला, तो हेही चाक पचवील. उद्या डिकीत नुसती बाटली असली तरी आमचा टायरवाला तिलाच इस्टेपनी म्हणेल, आणि ते बरोबरच असेल. शब्द कुणाचा, हे तो जन्मला कुठे यावर ठरत नाही, रात्री दोन वाजता हायवेवर तो कुणाच्या उपयोगी पडतो यावर ठरतं. त्या हिशेबाने स्टेपनी हा शब्द आता मराठी आहे, आणि इंग्रजांना हवा असेल तर त्यांनी तो आपल्याकडून रीतसर मागून न्यावा.

तोवर एकच विनंती. पुढच्या वेळी पंपावर चारही चाकांत हवा भराल, तेव्हा पोराला थांबवा, डिकी उघडा आणि पाचव्या चाकातही भरायला सांगा. बहुतेक स्टेपन्या गरजेच्या दिवशी बसलेल्याच निघतात.